यादीतलं घर आणि शेगडीवरचा गणपती

इंग्लंडातल्या आमच्या डिस्ट्रिक्टमधल्या जपायच्या जुन्या वास्तूंची एक सरकारी यादी आहे आणि तिच्यात आमचं घर आहे. हे ऐकून पुण्याचे नातेवाईक भारावून जातात. त्यांना वाटतं आम्ही राजवाड्यात राहतो. त्याच यादीत गावातला लाल टेलिफोनचा खोका आहे, घोड्यांना पाणी पाजायचं एक दगडी कुंड आहे, चर्चच्या आवारातली तीन थडगी आहेत आणि एक भिंत आहे. नुसती भिंत. तिच्या पुढे काही नाही, मागे काही नाही. ती जुनी आहे, एवढंच तिचं कर्तृत्व. आमच्या वाट्याला यादीत चार ओळी आल्या आहेत: दोन मजले, विटांचं बांधकाम, कौलारू छप्पर, नंतरच्या काळात काही फेरफार. आणि सगळ्यात शेवटी लिहिलंय की आतून पाहणी केलेली नाही.

घर घेताना माझ्या नवऱ्याला ही शेवटची ओळ सगळ्यात जास्त आवडली होती. आम्ही दोघं मेडिकल कॉलेजात एका वर्गात होतो, त्यामुळे आमच्यात अहो-जाहो कधी नव्हतंच. तो हाडांचा सर्जन, मी भूल देणारी. स्लाऊच्या आसपासच्या हॉस्पिटलांत आम्ही जन्म काढला. तो हाडं जोडायचा, तोवर मी माणसं झोपवून ठेवायची. निवृत्तीला थोडी वर्षं उरली असताना त्याने स्लाऊपासून वीस मिनिटांवरचं हे घर पाहिलं आणि हट्टच धरला. तुळया इतक्या खाली की आमच्याकडे येणारा प्रत्येक इंग्रज पाहुणा एकदा तरी कपाळ आपटून घेतो. माझा नवरा पाच फूट तीन इंच. त्या घरात ताठ मानेनं चालणारा तो एकटाच पुरुष होता आणि हे सुख त्याला आयुष्यात पहिल्यांदा मिळत होतं.

यादीतल्या घरात राहायचं म्हणजे सासूच्या घरात राहायचं. राहा, खा, प्या, पैसेही तुम्हीच खर्च करा, पण न विचारता खुंटी ठोकायची नाही. खिडकी बदलायची तर विचारा, दार बदलायचं तर विचारा. कौन्सिलमध्ये, म्हणजे इथल्या नगरपालिकेत, एक कॉन्झर्व्हेशन ऑफिसर असतो, त्याला लिहायचं आणि वाट पाहत बसायचं.

आमची अडचण निघाली फोडणीची. स्वयंपाकघर ठेंगणं, वर ओकच्या तुळया, आणि त्यांच्यात चिकटवलेला धुराचा अलार्म. मोहरी तडतडली की तो बोंबलायचा. हिंग पडला की पुन्हा. महिनाभर आम्ही उकडलेलं खाल्लं. मग नवरा म्हणाला, भिंतीला भोक पाडून पंखा बसवू. मी म्हटलं, कौन्सिलला विचार. तो म्हणाला, विचारलं की नाही म्हणतात.

एका बँक हॉलिडेला त्याने भाड्याने मोठं ड्रिल आणलं. ऑपरेशनची हिरवी टोपी घातली, शेगडीच्या वर पेन्सिलीने गोल काढला आणि तीनशे वर्षांच्या भिंतीला हात घातला. मी व्हॅक्यूम क्लीनर धरून शेजारी उभी. दीड तास लागला. विटांचा गाभा अख्खा बाहेर आला तेव्हा त्याने तो पेशंटच्या नातेवाइकांना दाखवावा तसा मला दाखवला. संध्याकाळी पंखा फिरायला लागला, आम्ही लसणीची फोडणी दिलेलं वरण केलं आणि अलार्म गप्प बसला. पुढे कित्येक वर्षं त्या भोकाचा विचारही आमच्या मनात आला नाही.

गेल्या उन्हाळ्यात नवऱ्याला स्ट्रोक आला. उजवा हात, उजवा पाय आणि वाचा, तिन्हींवर एकदम घाला. जिवावरचं टळलं, पाय हळूहळू परत आला, हात फारसा आला नाही. जे शब्द परत आले ते एकेक करून आले. रिहॅबच्या वॉर्डात त्याची कॉट खिडकीशी होती आणि खिडकीतून कार पार्क दिसायचा. मी गेले की तो दोन शब्द बोलायचा: "घरी कधी?"

घरी आणायला एकच गोष्ट हवी होती. आमचा संडास आणि झोपायची खोली वरच्या मजल्यावर. जिन्याचा कठडा चढताना उजव्या हाताला येतो, आणि त्याचा उजवा हातच कामातून गेलेला. डावीकडच्या भिंतीला दुसरा कठडा ठोकला की झालं. ऑक्युपेशनल थेरपिस्ट घर बघायला आली, ड्रिल सोबतच घेऊन. पोरगी कामाची होती. पण घर यादीतलं आहे कळल्यावर तिने ड्रिल पुन्हा पिशवीत घातलं. म्हणाली, कौन्सिलच्या ऑफिसरचं पत्र आणा, मी दुसऱ्या दिवशी येऊन बसवते. आणि जाता जाता हेही सांगितलं की वॉर्डातली कॉट फार दिवस अडवता येणार नाही. घर तयार नसेल तर पेशंटला तात्पुरतं केअर होममध्ये हलवतात. ती केअर होम मी डॉक्टर म्हणून पाहिलेली आहेत. तात्पुरता गेलेला माणूस तिथून परत आल्याचं मला फारसं आठवत नाही.

मी कौन्सिलला लिहिलं आणि आश्चर्य म्हणजे तीन दिवसांत उत्तर आलं. ऑफिसर एक बाई होत्या, त्यांनी लिहिलं होतं की येत्या गुरुवारी त्या स्वतः घर बघून जातील. मी आनंदाने मुलीला फोन केला. मुलगी इथेच जन्मलेली, ईलिंगला राहते, वकील आहे. ती म्हणाली, "आई, पण तो भोक? शी विल सी इट. तो क्रिमिनल ऑफेन्स आहे, यू नो. आणि त्याला टाइम लिमिटपण नाहीये."

त्या रात्री मला झोप लागली नाही. भूल देणाऱ्या बाईला झोप लागू नये यासारखी नामुष्की नाही. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते असं. मला दिसायला लागलं की ऑफिसरबाई भोक बघून ओरडताहेत, कोर्टाची नोटीस येतेय, गावातल्या पबमध्ये चर्चा चाललीय की त्या इंडियन डॉक्टरांनी बघा काय केलं. सत्तरी गाठलेली बाई मी, पण खरं सांगते, मला शिक्षेपेक्षा लाजेची भीती जास्त वाटली. सकाळी उठून मी भोक झाकायच्या मागे लागले.

कॅलेंडर लावून पाहिलं, तर पंखा पुढे आल्यामुळे ते पोट सुटल्यासारखं दिसायला लागलं. कपाट ठेवून पाहिलं. पण ऑफिसर म्हणजे कपाट सरकवून मागची वीट बघायचीच जात. मग माझी नजर भिंतीवरच्या खऱ्या कॅलेंडरवर गेली. पुढच्या शुक्रवारी गणेश चतुर्थी होती.

आमच्याकडे दीड दिवसाचा गणपती असतो. आणि प्राणप्रतिष्ठा झालेली मूर्ती उत्तरपूजा होईपर्यंत जागची हलवत नाहीत. कपाट सरकवा म्हणेल, पण परक्याच्या देवाला जरा बाजूला घ्या म्हणायची कुठल्याही इंग्रज अधिकाऱ्याची टाप नाही. त्यांना देवाची नसली तरी तक्रारीची भीती असते. मी ऑफिसरबाईंना लिहिलं की आमचा मोठा धार्मिक सण जवळ आला आहे, घरात तयारी चालू आहे, तर गुरुवारऐवजी चतुर्थीनंतरचा दिवस चालेल का. त्यांनी लगेच कळवलं, अवश्य, चतुर्थीनंतरच्या सोमवारी येते, आणि सणाच्या शुभेच्छाही दिल्या.

नवऱ्याला मी सांगितलं, कौन्सिलने तारीख पुढे ढकलली.

वेम्बलीला जाऊन ईलिंग रोडवरच्या देशी बाजारातून शाडूची मूर्ती आणली. गॅस मेनवर बंद केला, शेगडीवर फळी टाकली, फळीवर पाट, पाटावर गणपती. मागे माझी हिरवी इरकल साडी तुळईपासून खालपर्यंत सोडली. पंखा साडीच्या मागे गेला आणि साडीची घडी बाप्पाच्या मागे प्रभावळीसारखी फुगली. देव शेगडीवर बसल्यामुळे मोदक मी इंडक्शनच्या चुलीवर उकडले, आणि ती चूल जागेअभावी खालच्या पॅसेजमध्ये वॉशिंग मशीनवर ठेवली होती. महाराष्ट्र मंडळातली एक मैत्रीण दर्शनाला आली, तिने विचारलं, अगं, गणपती शेगडीवर का? मी सांगितलं, अन्नपूर्णेचं स्थान आहे ते. तिने भक्तिभावाने हात जोडले.

दीड दिवसाचा मुक्काम मी चार दिवसांचा केला. सोमवारी सकाळी साडी नेसून तयार बसले, तर ईमेल आली. ऑफिसरबाईंची पाठ धरली होती. अंथरुणातून उठता येत नव्हतं, फार दिलगीर होत्या, आता पुढच्या आठवड्यातल्या शुक्रवारी नक्की. मी बोटांवर मोजलं. गणपतीचा पंधरावा दिवस.

तेव्हा तरी पंख्यावरची साडी ओढून काढायला हवी होती. फोन उचलून सांगायला हवं होतं की बाई, माझा नवरा अडकलाय, दुसऱ्या कुणालाही पाठवा, आज पाठवा. मी तसं केलं नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची, म्हणून मी मूठ आवळून बसले.

पुढचे दिवस मी आणि बाप्पाने एकमेकांना सहन केलं. सकाळ-संध्याकाळ आरती चुकवता येईना, कारण मी कितीही नास्तिकपणाच्या गप्पा मारल्या तरी घरात बसवलेल्या देवाला उपाशी ठेवायची माझी हिंमत नाही. दूर्वा म्हणून लॉनचं गवत खुडलं. मोदक संपले, मग शिरा झाला, मग नुसता गूळ. बाराव्या दिवशी मी देवाला टोस्ट आणि जॅमचा नैवेद्य दाखवला. अनंत चतुर्दशी आली, गेली, गावोगावचे सगळे गणपती बुडाले, आमचा शेगडीवर. पितृपक्ष लागला. मैत्रिणीचा घाबरून फोन आला की पितृपक्षात गणपती ठेवतात का कुणी. मी म्हटलं, जेवायला येणाऱ्या पितरांना आयतं दर्शन. तिने राम राम म्हणत फोन ठेवला.

वॉर्डात मात्र माझी जीभ इतकी चुरूचुरू चालत नव्हती. रोज तेच दोन शब्द, आणि रोज माझं तेच उत्तर, की कौन्सिलवाल्यांचं काही खरं नाही. नवरा पूर्वी कुणावर चिडला तर पाच मिनिटांत विसरायचा. आता त्याच्याकडे चिडायला भरपूर वेळ होता. एके दिवशी त्याने स्ट्रोकनंतरचं पहिलं संपूर्ण वाक्य उच्चारलं: "कौन्सिलवाले गाढव आहेत." स्पीच थेरपिस्टने अर्थ विचारला. मी भाषांतर करून सांगितलं, तर तिला इतका आनंद झाला की तिने ते वहीत लिहून घेतलं. सगळे हसले, नवरासुद्धा अर्ध्या ओठाने हसला. मी बाथरूममध्ये जाऊन उगाचच नळ सोडून उभी राहिले. शिवी माझ्या वाटणीची होती आणि ती भलत्याला गेली होती.

आणि मग शुक्रवारी ऑफिसरबाई आल्या. पन्नाशीच्या, जाड तळव्यांचे बूट, हातात टॉर्च. दारातच त्यांनी चौकटीवरून असा हात फिरवला जसा आपण गाईच्या पाठीवरून फिरवतो. बूट काढायचे का, म्हणून स्वतःहून विचारलं. मी मनात म्हटलं, जिंकलो. चहा दिला, गोड बोलले. चाळीस वर्षं माणसांना बोलता बोलता झोपवलंय, ही काय चीज. स्वयंपाकघरात गणपतीसमोर त्या आदबीने थांबल्या, छान आहे म्हणाल्या, आणि याला नेहमी शेगडीवरच ठेवता का, असं विचारलं. मी म्हटलं, फक्त यंदा. त्यांनी मान डोलावली. साडीकडे बघितलंसुद्धा नाही.

मग त्यांनी जिना पाहिला. खाली वाकून पायऱ्यांच्या कडा पाहिल्या, टॉर्च मारला, भिंतीवर बोटाच्या पेराने ठोकलं. सगळं मिळून दोन मिनिटं. उठून हात झटकले आणि म्हणाल्या, हा जिना जुना नाहीच. आधीच्या कुणीतरी पन्नास एक वर्षांपूर्वी मूळ जिना काढून हा साध्या पाइनचा बसवलाय, भिंतही तेव्हाचीच, प्लास्टरबोर्डची. इथे कठडा ठोकायला कसलीच परवानगी लागत नाही. हवं तर आत्ताच पत्र लिहून देते.

मी विचारलं, हे त्या पहिल्या गुरुवारी कळलं असतं का. त्या म्हणाल्या, अर्थात, दारात पाऊल टाकल्याबरोबर.

त्यांनी स्वयंपाकघरात येऊन ओट्यावर लॅपटॉप उघडला आणि पत्र टाइप केलं. माझ्या फोनवर ते आल्याचा आवाज झाला. मग लॅपटॉप मिटताना म्हणाल्या, बाकी त्या पंख्यासाठी मात्र तुम्हाला रीतसर अर्ज करावा लागेल.

कुठला पंखा, असं मी विचारलं. या वयातही मी इतकी निर्लज्ज होऊ शकते याचं मलाच नवल वाटलं.

त्या म्हणाल्या, बाहेरच्या भिंतीवरची पांढरी प्लास्टिकची जाळी. वेळेआधी पोचले म्हणून घराला एक चक्कर मारली. जाळी फार वाईट दिसते, विटेच्या रंगाची लोखंडी लावा, फोटोसकट अर्ज पाठवा, बहुतेक मंजूर होईल. पुढच्या वेळी आधी विचारा.

भोकाला दोन बाजू असतात. त्या बाजूने मी दर आठवड्याला कचऱ्याचे डबे नेते. मांजर डोळे मिटून दूध पितं, पण निदान त्याच्या पोटात दूध तरी जातं. मी पंधरा दिवस बाप्पाला आतल्या बाजूला पहाऱ्यावर बसवलं होतं आणि बाहेर ती जाळी वाऱ्यावर खडखडत होती.

ऑफिसरबाई गेल्यावर मी उत्तरपूजा केली, मूर्ती बागेत बादलीत बुडवली. हात पुसले, थेरपिस्टला पत्र पाठवलं आणि हॉस्पिटलला निघाले. थेरपिस्टचं उत्तर कार पार्कमध्येच आलं: उद्या सकाळी कठडा बसवते, परवा पेशंट घरी.

नवरा खुर्चीत बसला होता. त्याला आधी चांगली बातमी सांगितली. त्याचा चेहरा असा उजळला की मी तिथेच थांबायला हवं होतं, पण थांबवेना. मग सगळं सांगितलं. पहिला गुरुवार, मुलीचा फोन, इरकल साडी, मीच पुढे ढकललेली तारीख. कौन्सिलवाले गाढव नव्हते, हेही सांगितलं.

"किती दिवस?" त्याने विचारलं.

"बावीस."

तो बाहेर कार पार्ककडे बघत राहिला. मग एकेक शब्द जुळवत म्हणाला, "भोक मी पाडलं. सांगायचं. मी पाडलं म्हणून."

मी म्हटलं, "अरे, तुला तुरुंगात घातलं असतं तर?"

त्याने मान वळवून वॉर्ड पाहिला. समोरची कॉट, तिच्याभोवतीचा पडदा, टेबलावरचा, गिळता यावा म्हणून घट्ट केलेला गार चहा, आपल्या मनगटावरची नावाची पट्टी. "हे काय आहे?" तो म्हणाला.

चुकलं माझं, असं मी म्हटलं. आमच्या लग्नात हे वाक्य मी याआधी म्हटल्याचं मला आठवत नाही. मी त्याचा हात हातात घेतला, मग लक्षात आलं की हा उजवा, हा धरलेला त्याला कळतसुद्धा नाही. म्हणून खुर्ची उचलून पलीकडच्या बाजूला गेले आणि डावा धरला. तो त्याने सोडवून घेतला नाही, पण माझ्याकडे बघितलंही नाही. चहाची गाडी आली आणि गेली.

"पुढच्या वेळी," तो शेवटी म्हणाला, "आधी मला घरी आण. मग देव."

मी बरं म्हटलं.